हैदराबाद दर्शन, सीट नंबर एक

मी एकतीस वर्षं दवनीवाड्याच्या सोसायटीत मापारी होतो. त्याआधी बापासोबत खळ्याखळ्यावर कुडोने धान मोजत फिरलो. कुडो म्हणजे लाकडी माप, असे वीस भरले की एक खंडी. आता सगळं इलेक्ट्रॉनिक काट्यावर गेलं आणि मी घरी बसलो, पण खोड गेली नाही. माणूस समोर आला की हा किती भरेल, हे माझ्या मनात येतंच. फुलवंता, माझी बायको, याला रोग म्हणते. असेलही. पण या रोगानं मला आजवर दगा दिला नव्हता, म्हणून मी त्याच्यावर कधी औषध शोधलं नाही.

आम्हाला एकच मुलगी, रविता. नर्सिंग करून हैदराबादच्या एका दवाखान्यात लागली, त्याला चार वर्षं झाली. वय सत्तावीस. आलेली तीन स्थळं तिनं फोनवरच परत पाठवली. चौथं आलं ते तिरोड्याकडच्या चुन्नीलाल कटरेंच्या धनेंद्रचं. धानाची शेती, खताचं दुकान, पोरगा सुपारीसुद्धा खात नाही. आम्ही त्यांच्या घरी जाऊन आलो. चहा-पोहे झाले, पोरानं पाया पडून पाणी दिलं, अर्ध्या तासात मी मनातल्या मनात हो म्हणून टाकलं. निघताना चुन्नीलालना सांगितलं, पोरीला विचारतो आणि येत्या गुरुवारी स्वतः येऊन जबाब देतो. आमच्यात असा जबाब फोनवर देत नाहीत. म्हणून हैदराबादचं तिकीट काढलं. रविताकडून होकार घ्यायचा, बस. फिरायची हौस आम्हा दोघांनाही नव्हती.

निघण्याआधी फुलवंतानं एक अट घातली. "तिथं गेल्यावर कोणाले त्याचा कुर विचाराचा नाही. माह्या गळ्याची आन हाये."

कुर म्हणजे कुळ. आम्हा पोवारांचे छत्तीस कुर, पूर्वज माळव्यातून आले तेव्हापासून मोजलेले. दोन पोवार भेटले की पाणी विचारायच्या आधी कुर विचारतात, म्हणजे नातं कुठं लागतं आणि सोयरीक होते की नाही, ते लगेच कळतं. यात वाईट काय ते मला कधी समजलं नाही. पण मागं व्हिडिओ कॉलवर मी रविताच्या रूममधल्या मुलीला तिची जात विचारली होती, तेव्हा रविता महिनाभर आमच्याशी बोलली नव्हती. म्हणून मी फुलवंताच्या गळ्याची शपथ घेतली.

शनिवारी पोचलो. संध्याकाळी मी विषय काढला. रविता भाजी चिरत होती, ती चिरतच राहिली.

"उद्या संध्याकाळी सांगतो बाबा," ती म्हणाली. "उद्या दिवसभर माही ड्युटी हाये. तुमच्या दोघांचं बसचं तिकीट काढलं. हैदराबाद दर्शन. सकाळी आठ ते पाच."

"आमी तुले पाहाले आलो. हैदराबादले नाही."

"आलेच आहा तं पाहून घ्या. मधात उतरू नका, पूर्ण पाहा."

हे शेवटचं तिनं दोनदा सांगितलं. मला वाटलं, तिकिटाचे पैसे वाया जाऊ नयेत म्हणून सांगते आहे.

सकाळी तिनं आम्हाला बसपर्यंत आणून सोडलं आणि लगेच परत गेली. बावीस सीटची छोटी बस. आमच्या सीट एक आणि दोन, अगदी समोर, दाराजवळ. गाइड तिशीचा पोरगा होता. इस्त्रीचा निळा शर्ट, छातीवर पट्टी, तिच्यावर नुसतं 'रोशन' लिहिलेलं. आम्हाला पाहून तो जरा गडबडला, फुलवंताला हात देऊन वर घेतलं आणि माइकवर हिंदीत बोलायला लागला. आज आपण काय काय पाहणार, कुठं किती मिनिटं, कोणी उशीर केला तर सगळ्यांचा वेळ जाईल, वगैरे. बोलणं झाल्यावर त्यानं माणसं मोजायला सुरुवात केली. माणूस कुठल्याही मुलखात गेला आणि कुठलीही भाषा बोलायला लागला तरी मोजतो आपल्याच भाषेत. तो पुटपुटत होता, पण मी हातभर अंतरावर बसलो होतो आणि माझे कान अजून शाबूत आहेत. त्यानं माझ्याकडे बोट केलं आणि म्हणाला, "लाभ." मग फुलवंताकडे बोट करून, "दोन." मग मागं, तीन, चार, पाच.

मी खुर्चीत सरळ झालो. धान मोजताना पहिल्या मापाला 'एक' म्हणत नाहीत, 'लाभ' म्हणतात. एक म्हटलं की धान एकावरच थांबतं, अशी जुनी समजूत. हे कुठल्या शाळेत शिकवत नाहीत. ज्यानं लहानपणी खळ्यावर उभं राहून धानाची रास मोजताना ऐकलं आहे, त्याच्याच तोंडून ते निघतं.

"कोन्या गावचा रे बाबू तू?" मी विचारलं.

त्याच्या हातातला माइक खाली आला. "सालेकसाकडचा, काकाजी."

"गोंदिया जिल्ह्याचा? अन् इथं काऊन?"

"पहिले सेंट्रिंगच्या कामाले आलतो. मग बसवर क्लीनर झालो. आता हे," असं म्हणून त्यानं माइक दाखवला आणि पुन्हा हिंदीत सुरू झाला.

मी फुलवंताच्या कानात सांगितलं, "आपल्यातला हाये." ती म्हणाली, "आन हाये, ध्यानात ठेवा." मी विचारणार नव्हतोच. विचारायची गरजही नव्हती. लाभ म्हणतो म्हणजे खळं असलेल्या घरचा. खळं असलेला म्हणजे शेतीवाला. वागायला मर्यादेचा, बोलायला नीट, म्हणजे पोवार. वीस कुडोंची खंडी होते, मी दोन कुडोंतच खंडी करून मोकळा झालो.

देवळात पंचवीस मिनिटं, म्युझियममध्ये पन्नास. म्युझियममध्ये एक जुनं घड्याळ आहे. तास भरला की त्यातून बोटाएवढा माणूस बाहेर येतो आणि घंटा वाजवतो. त्याला पाहायला शंभर-दीडशे लोक आधीपासून बसून होते. घंटा वाजली, फोन वर गेले, बाहुला आत गेला आणि लोक उठले. ज्यानं त्याला बनवलं त्याचं नाव काय, ते विचारायला कोणी थांबलं नाही. मीही थांबलो नाही, कारण आमची पन्नास मिनिटं भरत आली होती.

दोन ठिकाणांच्या मध्ये बस चालायची तेव्हा रोशन गप्प असायचा. मला तेच जास्त पाहावंसं वाटत होतं. एका टँकरभोवती घागरींची रांग. पुलाखाली न्हाव्याची खुर्ची आणि खांबाला टांगलेला आरसा. चार मजली घराच्या गच्चीवर एक बाई मिरच्या वाळवत होती, आमच्याकडे वाळवतात तशाच, जुन्या साडीवर.

"हे काऊन नाही सांगत?" मी त्याला विचारलं.

"हे तिकिटात नाही काकाजी," तो हसून म्हणाला. "पण हेच हैदराबाद हाये."

ते बोलणं माझ्या डोक्यात घर करून बसलं. कारण मला एकदम चुन्नीलालची बैठक आठवली. धुतलेल्या चादरी, न वापरलेले कप, पाया पडणारा पोरगा. तेही अर्ध्या तासाचं दर्शनच होतं की. दाखवणाऱ्याचं बोट जाईल तेवढंच आपण पाहतो आणि वर म्हणतो, घर पाहिलं. मग मी तो विचार झटकला. शेवटी सगळ्यांची लग्नं अशीच होतात. आमचंही झालं, आणि वाईट झालं नाही.

चारमिनारच्या बाजूला बस आम्हाला मोत्यांच्या एका दुकानात घेऊन गेली. अशा बसेस नेतातच, त्यांचं ठरलेलं असतं. दुकानदारानं फुलवंतापुढे माळांची रास टाकली. फुलवंता कधी काही मागत नाही, पण एक दोनपदरी माळ तिनं हातात घेतली आणि सोडेना. मी खिशात हात घातला. रोशन दाराशी उभा होता. त्यानं दुकानदाराकडे पाहून मोठं हसू आणलं आणि तसंच हसत, आमच्या बोलीत म्हणाला, "घेऊ नका काकाजी. नुसतं पाहून राहा. मी तुमाले सांगतो कुठं घ्याचं ते." दुकानदाराला वाटलं, पोरगा मालाची तारीफ करतो आहे. त्यानं आणखी चार माळा काढल्या. मी फुलवंताचा हात धरून बाहेर आलो. आपल्या पोटावर पाय देऊन दुसऱ्याचं भलं सांगणारी माणसं मी सोसायटीत एकतीस वर्षांत दोनच पाहिली, आणि त्यातला एक लवकर काढून टाकला गेला.

जेवायला बस एका हॉटेलजवळ थांबली. रोशन आत आला नाही. बसच्या पायरीवर बसून त्यानं आपला डबा उघडला. मी आपलं ताट घेऊन बाहेर त्याच्याजवळ गेलो. फुलवंताही लोणचं घेऊन आली, वाकून त्याच्या डब्यात फोड टाकली आणि जरा वेळ तशीच वाकून उभी राहिली. मग ती बसमध्ये चढून आपल्या सीटवर, दाराशीच, जाऊन बसली. मला वाटलं, ऊन लागलं असेल.

मला बोलायचं होतं. परक्या मुलखात आपल्या बाजूचं माणूस भेटलं की पोटातलं ओठावर येतं.

"आमची पोरगी हाये इथं, नर्स," मी म्हणालो. "एक चांगलं स्थळ आलं, तं ते काही हो म्हणून नाही राहिली. मले वाटते, तिनं इथं कोणी पाहून ठेवला. शहरातला कोनी चिकनाचोपडा. तू इथं राहतेस, तुले काय वाटते? कसं समजाचं?"

तो घास खाली ठेवून म्हणाला, "तिलेच विचारा ना काकाजी."

"विचारून सांगते का? आजकालच्या पोरी..." मी ताटातली पोळी मोडत राहिलो. मग मनात आलं ते बोलून टाकलं. "तुह्यासारखा धानाच्या घरचा पोरगा असता ना, तं मी इथंच, या पायरीवर शब्द देला असता."

त्यानं माझ्याकडे पाहिलं. पोरगा हसेल, लाजेल असं मला वाटलं होतं. त्याचा चेहरा उतरला.

"असा शब्द देऊ नका काकाजी," तो म्हणाला. "अजून अर्धा दिवस बाकी हाये."

मी समजलो, लग्न झालेलं असेल बिचाऱ्याचं. आणि खरं सांगतो, मला वाईट वाटलं.

गोवळकोंड्याला चाळीस मिनिटं होती. दरवाजाखाली रोशननं टाळी वाजवून दाखवली. इथली टाळी वर टेकडीवर ऐकू जाते, शत्रू आला की पहारेकरी अशी खबर देत, असं त्यानं सांगितलं. फुलवंता म्हणाली, माझे गुडघे चढणार नाहीत, तुम्ही या जाऊन. एक आजीबाई, नागपूरच्या, त्याही थांबल्या. रोशन म्हणाला, मी इथं आहे, तुम्ही बिनघोर जा. मी निम्मं चढलो आणि दम लागला म्हणून कठड्याला टेकलो. तिथून खाली पाहिलं तर आजीबाई सावलीत डुलक्या घेत होत्या आणि फुलवंता त्या पोराशी बोलत होती. बोलत होती म्हणजे, तीच बोलत होती. तो मान खाली घालून ऐकत होता. मग तिनं पदरानं डोळे पुसले. मग त्याच्या डोक्यावर हात ठेवला. माझी बायको अनोळखी माणसाशी चार शब्द बोलत नाही, बसमध्ये कंडक्टरशीसुद्धा मीच बोलतो. मी झपाझप खाली आलो.

"का झालं?" मी विचारलं.

"काही नाही. धूळ गेली," ती म्हणाली.

परत बसमध्ये त्यानं मोजलं. लाभ, दोन, तीन. एकोणिसावर थांबला. एक जोडपं आणि त्यांचं पोर आलं नव्हतं. ड्रायव्हर तेलुगूत ओरडायला लागला, मागचे लोक चला चला करायला लागले. रोशन उतरला आणि पळत गेला. अठरा मिनिटांनी त्या पोराला खांद्यावर घेऊन आला. पोर पडलं होतं, गुडघा फुटला होता. रोशनच्या निळ्या शर्टाला रक्ताचा डाग लागला. शेवटच्या ठिकाणचा, म्हणजे तळ्याजवळचा, अर्धा तास आता बारा मिनिटांवर आला, म्हणून लोकांनी त्यालाच शिव्या दिल्या. त्यानं माइक घेऊन सगळ्यांची माफी मागितली. त्या जोडप्याचं नाव घेतलं नाही. चूक माझी, म्हणाला.

मी मनात म्हटलं, भरला. पुरेपूर भरला, वर शीग लागली.

तळ्याच्या काठाला सगळे उतरले. पाण्यात मधोमध बुद्धाची मूर्ती, लोक तिच्याकडे पाठ करून आपलेच फोटो काढत होते. फुलवंता बसमध्येच बसून राहिली. रोशन माझ्याजवळ आला. त्यानं छातीवरची नावाची पट्टी काढून खिशात टाकली.

"काकाजी, माहं पूरं नाव रोशन मनिराम टेकाम. आमी गोंड आहो. बाबा पोवार पाटलाच्या घरी सालदार होते, पंधरा वर्षं. पाटलाले मोतीबिंदू झालता, मंग धान बाबाच मोजत. मी रास धराले जाऊ. लाभ तिथं शिकलो." तो श्वास घ्यायला थांबला. "तुमाले वाटलं ते मले सकाळीच समजलं होतं. दोन सालाआधी बाबाले इथं दवाखान्यात आनलं, तवा रविता त्या वार्डात होती. बाबा वाचले नाही. पण तिनं लय केलं. आमाले लगन कराचं हाये."

मी काय बोललो ते मला नीट आठवत नाही. आवाज चढला होता, एवढं आठवतं, कारण फोटो काढणारे वळून पाहायला लागले. शेवटी मी म्हणालो, "दिवसभर मले फसवून राहिला तू."

"हो," तो म्हणाला. "रवितानं म्हटलं होतं, तू काही सांगू नको, रोजच्यासारखं काम कर, बाबा पाहतीन. मले ते नव्हतं पटलं. पण काकाजी, सकाळीच नाव सांगितलं असतं, तं तुमी माह्याकडं पाह्यलंच नसतं."

ते खरं होतं. म्हणूनच राग दुप्पट झाला. एकतीस वर्षं लोकांना मापणारा मी, आणि माझ्या पोरीनं मलाच काट्यावर बसवलं, तेही नऊ तास, पहिल्या सीटवर. त्याहून जास्त लाज वाटली ती त्या लाभची. लाभ ऐकून मी त्याच्या हाती जमीन दिली, घर दिलं, कुर दिला. धान ज्याच्या मालकीचं तोच ते मोजतो, असं मी कसं धरून चाललो? मी स्वतः जन्मभर मोजलं ते कुणाचं होतं? त्यातली एक खंडीही माझी नव्हती.

बस सुटायची वेळ झाली. त्यानं पुन्हा पट्टी लावली, दाराशी उभा राहिला आणि मोजायला लागला. माझ्यापाशी आला तेव्हा त्याचं बोट अडलं. मी खिडकीबाहेर पाहत होतो.

संध्याकाळी रविताच्या खोलीत जे झालं ते लिहीत नाही. कुठल्याही घरात झालं असतं तेच झालं. मी समाज काढला, ती म्हणाली समाज मला ताप आल्यावर कपाळावर हात ठेवायला येतो का. मी तिच्या आईकडे वळलो, "तुले कवा समजलं?"

"जेवतानीच," फुलवंता म्हणाली. "त्याच्या हातातला डबा आपला होता. रविता इथं आली तवा मी देला होता. त्याच्यावर नाव कोरलं हाये माहं. तुमी लाभ ऐकून राहिले होते, मी नाव वाचून राहिली होती."

"मंग बोलली काऊन नाही?"

"तुमी त्याले शब्द देऊन राहिले होते. म्हटलं, होऊ द्या पूरं."

मी त्या रात्री जेवलो नाही. दुसऱ्या दिवशी दुपारची गाडी होती. रवितानं स्टेशनवर पाया पडताना विचारलं, "बाबा, काही म्हणत नाही का?" मी सामान वर ठेवत राहिलो. गाडी हलली तरी मी तिच्याकडे पाहिलं नाही. बल्लारशाहपर्यंत ते मला टोचत राहिलं, आणि पुढंही.

गावात आलो. मंगळवार, बुधवार मी घराबाहेर पडलो नाही. लोक घरी येऊन विचारत होते, हैदराबाद कसं आहे. मी सांगायचो, मोठं आहे. गुरुवारी सकाळी फुलवंतानं चहा देताना म्हटलं, "चुन्नीलाल भाऊले सांगा, पोरगी पुढं शिकतो म्हणते. नाहीतं पत्रिका जुळत नाही म्हणा." नकाराची ही ठरलेली वाक्यं आहेत. देणाऱ्यालाही माहीत असतं, घेणाऱ्यालाही, आणि कुणाची मान खाली जात नाही. मी मान हलवली. गाडीवर बसून तिरोड्याकडे निघालो तेव्हा पत्रिकेचंच सांगायचं, असं पक्कं ठरवलं होतं.

चुन्नीलालच्या बैठकीत तीच धुतलेली चादर होती. धनेंद्रनं पाणी आणलं, पाया पडला, आणि आत गेला. चांगला पोरगा आहे तो, आजही म्हणतो. चुन्नीलाल समोर बसले.

"बोला रहांगडाले भाऊ. का म्हणते पोरगी?"

"पत्रिका," मी म्हणालो, आणि पुढचा शब्द तोंडातून निघेना. गोवळकोंड्याहून पोर खांद्यावर घेऊन आलेला तो पोरगा डोळ्यांपुढं आला. बावीस लोकांपुढं त्यानं 'चूक माझी' म्हटलं होतं. ती त्याची नव्हती. आणि इथं चार भिंतींत बसून मी जो नकार माझाच होता, तो पत्रिकेवर ढकलत होतो.

"पत्रिकेचं काही नाही," मी म्हणालो. "पोरगा पाह्यला आमी. हैदराबादले."

"अस्सं." त्यांनी कप खाली ठेवला. "कोनता कुर?"

"कुर नाही. टेकाम."

आतली भांडी वाजायची थांबली. चुन्नीलाल माझ्याकडे असे पाहत राहिले, जणू मी काहीतरी चुकीचं बोललो आणि आता दुरुस्त करेन. मी केलं नाही.  पुढच्या लग्नसराईत कोण मला पत्रिका देईल, कोण देणार नाही, हे मी त्या दोन क्षणांत मोजून टाकलं होतं.

"पोरीनं केलं ना हे," चुन्नीलाल हळू आवाजात म्हणाले. ते चांगुलपणानंच बोलत होते, मला वाट काढून देत होते. "पोरी आयकत नाही आता. तुमचा काय दोष."

"नाही. मीच पाह्यलो. मले पसंत हाये."

"किती दिस पाह्यलं त्याले?"

"एक दिस."

"एका दिसात काय दिसते माणूस?"

"भाऊ, तुमच्या धनेंद्रले मी अर्धा घंटा पाह्यलो होतो," मी म्हणालो. "अन् हो म्हणाले निघालो होतो."

मी उठलो. आमच्याकडे पाहुणा निघाला की घरधनी रस्त्यापर्यंत येतो. चुन्नीलाल बैठकीतून उठले नाहीत. मी एकटाच फाटकापर्यंत गेलो, गाडी काढली, आणि गावाबाहेर तलावाच्या पाळीवर येऊन थांबलो. तिथूनच रविताला फोन लावला. ती ड्युटीवर होती. मागं कुणीतरी सिस्टर, सिस्टर म्हणून हाक मारत होतं.

"बाबा? आईची तब्येत बरी हाये ना?"

"बरी हाये. चुन्नीलालकडं आलतो. सांगून देलो."

"काय सांगितलं?"

"पोरगा मी पाह्यलो म्हणून सांगितलो. टेकाम हाये म्हणलो."

 मागची हाक थांबली, बहुतेक ती कुठंतरी आडोशाला जाऊन उभी राहिली असावी. मग तिचं रडणं ऐकू आलं. लहानपणी रडायची तसंच, आवाज दाबून. मलाही भरून आलं आणि मी ते लपवलं नाही. पाळीवर ऐकायला होतं कोण.

"रविता, आयक," मी म्हणालो. "तुले तो आवडला, हे मले त्याच दिवशी समजलं. मलेबी आवडला, हे समजाले चार दिस लागले."